डबी संपली म्हणजे कोर्स संपला असं नाही: रक्त पातळ करणाऱ्या इंजेक्शनांचा दिवसांचा हिशोब

ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला बरं पडतं, किंवा एसटीत बसल्यावरच कळतं की इअरफोन घरी राहिलाय, त्यांच्यासाठी या भागाचा हा लेखी अवतार. बोललो तसंच जवळपास ठेवलंय. आकडे तेवढे नीट मांडलेत, कारण आज आकडेच आकडे आहेत.

आजचा विषय म्हणजे एक भागाकार. इतक्या सिरिंज आणल्या, रोज इतक्या लागतात, तर किती दिवस पुरतील? चौथीतलं गणित. पण औषध जेव्हा रक्ताची गुठळी होऊ न देणारं असतं, तेव्हा हा भागाकार चुकला की दोनच गोष्टी होतात. एक तर मधले काही दिवस इंजेक्शन पडत नाही आणि पायाच्या शिरेत गुठळी होते, किंवा नको तितकं औषध जातं आणि रक्तस्राव होतो. पायातली गुठळी सुटून फुफ्फुसात गेली तर माणूस जातो. म्हणून या चौथीच्या गणिताला पूर्ण भाग दिलाय.

मी डॉक्टर नाही, फार्मासिस्टही नाही. चाळीसगावचा, बीटेक, पुण्यात नोकरी. डोस किती घ्यायचा हे डॉक्टर ठरवणार, त्यात मी पडणार नाही. पण डोस ठरल्यानंतर जे उरतं ते माझं रोजचं काम आहे, कारण आमची टीम अमेरिकेतल्या औषध दुकानांच्या विमा बिलांचं सॉफ्टवेअर सांभाळते. त्या बिलात एक छोटासा रकाना असतो, 'डेज सप्लाय'. म्हणजे दिलेलं औषध किती दिवसांचं आहे. गोळ्यांसाठी तो रकाना कुणीही भरेल. इंजेक्शन आलं की भले भले अडकतात. आणि रक्त पातळ करणारी इंजेक्शनं त्यातली सगळ्यात खट्याळ.

आधी ही इंजेक्शनं कोणती ते पटकन बघू. मूळ औषध हेपारिन. १९१६ साली अमेरिकेत जे मॅक्लीन नावाच्या वैद्यकीच्या विद्यार्थ्याच्या कामातून हे सगळं सुरू झालं. यकृताला ग्रीकमध्ये हेपार म्हणतात, म्हणून नाव हेपारिन. आज ते मुख्यतः डुकराच्या आतड्यापासून काढतात. त्याचे छोटे तुकडे करून बनवलेलं औषध म्हणजे एनोक्झापारिन. क्लेक्सेन हे नाव तुम्ही ऐकलं असेल, ते हेच. डाल्टेपारिन हा त्याचा भाऊबंद. फोंडापॅरिनक्स पूर्ण कृत्रिम, पण कामाला त्याच रांगेत. यातलं एकही पोटातून रक्तात नीट उतरत नाही, म्हणून गोळी नाही, सुईच. बेंबीपासून दोन बोटं दूर, पोटाच्या कातडीखाली, आज डावीकडे तर उद्या उजवीकडे, आणि नंतर चोळायचं नाही. 'रक्त पातळ करणारं' हे फक्त बोलण्यापुरतं. रक्त पाण्यासारखं होत नाही, गुठळी बनण्याची साखळी मध्येच तुटते. आणि एनोक्झापारिनच्या एका डोसाचा असर तासांत मोजतात. काल घेतलं होतं म्हणून आज चालेल, असं या औषधात नसतं.

अमेरिकेतला रकाना

तिथे दुकानदार बिल संगणकावर विमा कंपनीला पाठवतो आणि काही सेकंदांत उत्तर येतं. पैसे मंजूर किंवा नामंजूर. नामंजुरीला क्रमांक असतात. ७९ क्रमांक म्हणजे 'रिफिल टू सून', आधीचं औषध अजून संपलेलं नसणार, इतक्यात परत कशाला आलात?

आता बघा. रुग्णाला ६० मिलिग्रॅमचं एनोक्झापारिन दर बारा तासांनी. दुकानदाराने २८ सिरिंज दिल्या. रोज दोन लागतात, म्हणजे १४ दिवस. पण घाईत कुणी २८ सिरिंज बघून रकान्यात २८ दिवस टाकले. चौदाव्या दिवशी डबी रिकामी. पेशंट दुकानात जातो आणि संगणक म्हणतो ७९, तुमच्याकडे अजून १४ दिवसांचा साठा आहे. काउंटरवरचा मुलगा फोन फिरवत बसतो, पेशंट रिकाम्या हाताने घरी जातो, आणि त्या रात्रीचं इंजेक्शन राहतं.

दुसरा घोळ मापाचा. तिथल्या बिलात या सिरिंजा नगावर मोजत नाहीत, एमएलवर मोजतात. ६० मिलिग्रॅमच्या सिरिंजमध्ये ०.६ एमएल औषध. २८ सिरिंज गुणिले ०.६, म्हणजे १६.८ एमएल. कुणी १६.८ च्या जागी २८ लिहिलं तर संगणकाच्या मते तुम्हाला ४६ पूर्णांक काहीतरी सिरिंज दिल्या. दोन तृतीयांश सिरिंज कुणी कुणाला देत नाही, म्हणून अशी चूक पकडायला आम्ही एक साधी तपासणी लावतो. एकूण एमएलला एका सिरिंजच्या एमएलने भागा, उत्तर पूर्ण संख्या आलं नाही तर बिल थांबवा. इतकी बिनडोक तपासणी, पण आमच्या अख्ख्या मॉड्यूलमधली माझी सगळ्यात आवडती ओळ तीच आहे.

चाळीसगावातला रकाना

आपल्याकडे असा रकानाच नाही. मेडिकलवाला चिठ्ठी बघतो, असतील तितक्या सिरिंज देतो, बिलावर नग लिहितो. बऱ्याचदा सुट्या देतो, कारण एका सिरिंजला काही शे रुपये पडतात आणि महिन्याभराचं एकदम घ्यायची सगळ्यांची ऐपत नसते. 'इतक्यात परत का आलात' असं विचारणारा संगणक नाही, हे चांगलं. 'अजून आला का नाहीत' असं विचारणाराही कुणी नाही, हे वाईट. म्हणजे तो रकाना घरातल्यानेच भरायचा.

आणि आपल्या गावाला गणिताचं वावडं असायचं काही कारण नाही. पाटणादेवीला सहलीला सगळेच गेलेत. तिथे सापडलेल्या शिलालेखात लिहिलंय की भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी त्यांचा नातू चांगदेव याने मठ काढला. इ.स. १२०७ ची गोष्ट. त्या ग्रंथांतल्या लीलावतीमध्ये त्रैराशिक आहे. इतक्याला इतकं, तर तितक्याला किती. आपला आजचा हिशोब म्हणजे शुद्ध त्रैराशिक, फक्त केशराऐवजी सिरिंज.

आपल्या चिठ्ठीवर एक छान सोय असते. डॉक्टर १-०-१ असं लिहितात. सकाळी एक, दुपारी नाही, रात्री एक. या तीन आकड्यांची बेरीज केली की रोजच्या सिरिंज मिळाल्या. १-०-१ म्हणजे दोन, ०-०-१ म्हणजे एक. काही जण ओडी लिहितात, म्हणजे दिवसातून एकदा, आणि बीडी म्हणजे दोनदा. घाईच्या अक्षरात ओडी आणि बीडी सारखेच दिसतात, आणि फरक दुपटीचा असतो. वाचता आलं नाही तर काउंटरवरच विचारायचं, घरी जाऊन अंदाज लावायचा नाही.

माझ्या आत्याचं उदाहरण सांगतो. पडली, खुब्याचं हाड मोडलं, ऑपरेशन नाशिकला झालं. अशा ऑपरेशननंतर पेशंट हलत नाही, पायातलं रक्त साचतं आणि गुठळीचा धोका पहिले काही आठवडे राहतो. म्हणून खुब्याच्या ऑपरेशननंतर ही इंजेक्शनं साधारण चार-पाच आठवडे देतात. डिस्चार्ज कार्डावर होतं: एनोक्झापारिन ४०, ओडी, ४ आठवडे. हॉस्पिटलात ७ नोव्हेंबरपासून रोज एक दिलं गेलं. ११ तारखेचं तिथेच दिलं आणि सुट्टी केली. घरी आल्यावर आतेभावाने गावात विचारलं तेव्हा दहा सिरिंज मिळाल्या. त्याने आणल्या. शेजारच्या गल्लीतल्या सिस्टर यायच्या, टोचून जायच्या. आत्या रोज विचारायची, "आखो कितला दिन, भाऊ?"

त्या प्रश्नाचं उत्तर कुणाकडेच नव्हतं. आतेभावाच्या डोक्यात होतं की डबी संपली की कोर्स संपला. बहुतेक घरांत तसंच असतं, कारण अँटिबायोटिकची पट्टी तशीच येते. पाच दिवसांच्या पाच गोळ्या, पट्टी संपली, विषय संपला. या इंजेक्शनात दुकानात किती शिल्लक होत्या यावर डबी ठरली होती, डॉक्टरांनी सांगितलेल्या मुदतीवर नाही.

मी फोनवर त्याच्याकडून तीन आकडे घेतले. चार आठवडे म्हणजे २८ इंजेक्शनं. त्यातली ७, ८, ९, १०, ११ अशी पाच हॉस्पिटलात झाली. उरली २३. हातात १०. म्हणजे १२ तारखेपासून २१ तारखेपर्यंत पुरणार, आणि २२ नोव्हेंबर ते ४ डिसेंबर या तेरा दिवसांसाठी घरात काहीच नाही.

पण 'चार आठवडे' नेमके कुठून मोजायचे? ऑपरेशननंतरच्या पहिल्या इंजेक्शनपासून, की घरी आल्यापासून? घरी आल्यापासून धरले तर २८ घरीच लागणार. कार्डावर त्याबद्दल अक्षर नाही. आतेभावाने नाशिकला फोन लावला, उत्तर आलं की पहिल्या इंजेक्शनपासून, ४ डिसेंबरला शेवटचं. दीड मिनिटाचा फोन. डिस्चार्जच्या वेळी 'शेवटचं इंजेक्शन कोणत्या तारखेला?' एवढं विचारून ती तारीख कार्डावर पेनाने लिहून घेतली, तर तोही वाचतो. 'किती दिवस' विचारू नका, तारीख विचारा. दिवसांच्या सुरुवातीबद्दल दोन माणसांचं मत वेगळं असू शकतं, तारखेबद्दल नाही.

एकाने चुकणारा हिशोब

प्रोग्रामिंग करणाऱ्यांना हे ओळखीचं आहे. दहा खांबांच्या मध्ये नऊ गाळे. १२ तारखेपासून दहा दिवस म्हणजे २२ नाही, २१. पहिला दिवस मोजलाय हे लक्षात ठेवायचं. फोनच्या कॅलेंडरात '१० दिवसांनी' असा रिमाइंडर लावला तर तो २२ ला वाजतो, म्हणजे औषध नसलेल्या पहिल्या दिवशी.

दिवसातून दोनदा असेल तर अर्धा दिवसही धरावा लागतो. समजा ३ तारखेला सकाळचं इंजेक्शन हॉस्पिटलात झालं आणि घरी संध्याकाळपासून सुरू. ५६ सिरिंज आहेत. ५६ भागिले २, २८ दिवस, म्हणजे ३० तारखेला संपणार? नाही. ३ च्या संध्याकाळी एक, ४ ते ३० रोज दोन म्हणजे ५४, झाली ५५. छप्पन्नावी ३१ च्या सकाळी. ३१ ची संध्याकाळ रिकामी.

सिरिंज मोजा, मिलिग्रॅम नाही

भरलेल्या सिरिंजचा एकच नियम आहे आणि तो इंजिनिअर लोकांना आवडत नाही. एक सिरिंज, एक टोचणं. आत कितीही उरलं तरी.

एनोक्झापारिन साधारण २०, ४०, ६०, ८० मिलिग्रॅमच्या सिरिंजमध्ये मिळतं. ताकद सगळ्यांत सारखी, एका एमएलला १०० मिलिग्रॅम. म्हणून ४० म्हणजे ०.४ एमएल, ६० म्हणजे ०.६. गुठळी झालेली असताना उपचाराचा नेहमीचा डोस वजनावर असतो, किलोला १ मिलिग्रॅम, दर बारा तासांनी. वजन ५० किलो असेल तर ५० मिलिग्रॅम. ५० ची सिरिंज दुकानात नाही, म्हणून ६० ची आणून त्यातलं १० मिलिग्रॅम डॉक्टर किंवा सिस्टर आधी टाकून देतात. आता आपल्यातला हिशोबी माणूस जागा होतो. १० सिरिंज म्हणजे ६०० मिलिग्रॅम, रोज १०० लागतात, म्हणजे सहा दिवस! चूक. १० सिरिंज, रोज दोन, पाच दिवस. टाकून दिलेलं औषध हिशोबात धरायचं नाही.

मग काही जण म्हणतात ८० ची एक आणून ४० सकाळी, ४० संध्याकाळी घेऊ, पैसे वाचतील. असं करायचं नाही. या सिरिंजमध्ये जंतू रोखणारं द्रव्य नसतं, ती एकदाच वापरायची असते. पोटात जाऊन आलेली सुई बारा तास ठेवून परत टोचणं म्हणजे जंतूंना आमंत्रण. शिवाय अर्ध्यावर नेमकं थांबणं घरी जमेलच असं नाही. आणि हो, ४० ची पूर्ण सिरिंज द्यायची असेल तर आतला हवेचा बुडबुडा काढायचा नसतो. तो मुद्दाम ठेवलेला असतो, म्हणजे शेवटचा थेंबही आत जातो. बुडबुडा काढायच्या नादात औषध सांडतं.

एमएलवर जाऊन तुलनाही करू नका. ०.६ एमएल एनोक्झापारिन म्हणजे ६० मिलिग्रॅम. ०.६ एमएल फोंडापॅरिनक्स म्हणजे ७.५ मिलिग्रॅम. दोन्ही आपापल्या जागी बरोबर आहेत. पहिलं दिवसातून दोनदा असू शकतं, दुसरं एकदाच. 'हे नाही, ते घ्या, सारखंच आहे' असं कुणी म्हणालं तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय हलायचं नाही, कारण बदलीत डोस आणि दिवस दोन्ही बदलतात. काही डब्यांवर मिलिग्रॅमऐवजी युनिट लिहिलेले असतात. एनोक्झापारिनचे ४००० युनिट म्हणजेच ४० मिलिग्रॅम. पण हा पाढा फक्त एनोक्झापारिनचा, डाल्टेपारिनला लावायचा नाही.

बाटली असेल तर

बाटलीचा, म्हणजे व्हायलचा हिशोब वेगळा. इथे मात्र मिलिग्रॅम आणि युनिटच मोजायचे. एनोक्झापारिनची ३०० मिलिग्रॅमची व्हायल असते, त्यातून अनेक डोस काढता येतात. रोज १२० लागत असतील तर अडीच दिवस. पण समजा रोज फक्त १० लागतात. ३०० भागिले १० म्हणजे ३० दिवस, आणि व्हायलला पहिली सुई लागल्यापासून ती २८ दिवसांनी टाकून द्यायची असते. उत्तर ३० नाही, २८. दोन आकड्यांतला लहान तो खरा. उघडल्याची तारीख व्हायलवर लिहून ठेवली नाही, तर हा हिशोब करताच येत नाही.

साध्या हेपारिनची व्हायल आणखी फसवी. ५ एमएलची एक व्हायल मिळते, एमएलला १००० युनिट, म्हणजे एकूण ५०००. दुसरीही ५ एमएलचीच, पण एमएलला ५०००, म्हणजे एकूण २५,०००. डोस ५००० युनिट दिवसातून दोनदा असेल तर पहिल्या प्रकारच्या रोज दोन व्हायल लागतात आणि दुसऱ्या प्रकारची एकच अडीच दिवस पुरते. आकार तोच, फरक पाचपट. दिवसांचा हिशोब जुळत नसेल, एक व्हायल ठरल्यापेक्षा फारच जास्त किंवा कमी दिवस चालतेय असं दिसलं, तर डोस चुकतोय का हे ताबडतोब बघायचं. हा हिशोब त्यासाठीही कामाचा आहे, फक्त दुकानात कधी जायचं यासाठी नाही.

२००७ च्या नोव्हेंबरमध्ये लॉस एंजेलिसच्या एका हॉस्पिटलात डेनिस क्वेड या नटाच्या नुकत्याच जन्मलेल्या जुळ्यांना असंच झालं. सलाइनची नळी धुवायला एमएलला १० युनिटचं हेपारिन हवं होतं, गेलं १०,००० चं. हजारपट. लेबलांच्या निळ्या छटा एकमेकींच्या जवळच्या होत्या. बाळं वाचली. नंतर लेबलं बदलली गेली आणि अमेरिकेत या विषयावर भरपूर चर्चा झाली.

किती दिवस, हेच माहीत नसेल तर

आत्याच्या उदाहरणात शेवटची तारीख ठरलेली होती. प्रोग्रामिंगच्या भाषेत 'फॉर' लूप. पण गुठळी झालेल्या माणसाला बऱ्याचदा इंजेक्शनबरोबर वॉरफेरिन किंवा असेनोकुमारॉलची गोळी सुरू करतात. गोळीचा असर यायला दिवस लागतात, तोपर्यंत इंजेक्शन चालू. नियम साधारण असा की निदान पाच दिवस, आणि आयएनआर या रक्ततपासणीचा आकडा २ किंवा त्याच्या वर निदान चोवीस तास टिकेपर्यंत. हा 'व्हाइल' लूप. कधी थांबेल हे आधी सांगता येत नाही. कुणाचं सहाव्या दिवशी थांबतं, कुणाचं दहाव्या.

अशा वेळी महिन्याचा साठा आणणं म्हणजे पैसे वाया, आणि पाचच दिवसांचा आणून निर्धास्त बसणं म्हणजे सहाव्या दिवशी धावपळ. पाच-सात दिवसांचा आणायचा, आणि तपासणीच्या दिवशी घरात अजून दोन दिवसांचा शिल्लक असेल असं बघायचं. रिपोर्ट संध्याकाळी येतो, डॉक्टरांना दाखवायला दुसरा दिवस उजाडतो, आणि त्या मधल्या वेळेतही इंजेक्शन चालूच असतं.

डोस मध्येच बदलला तर जुना हिशोब पुसून नव्याने मांडायचा. मूत्रपिंड बरंच कमजोर असेल तर डॉक्टर दोनदाऐवजी एकदाच देतात. त्याच १४ सिरिंज सात दिवसांऐवजी चौदा दिवस जातात. गरोदरपणात वजन वाढतं तसा काहींचा डोस वाढतो, म्हणून पुढच्या तीन महिन्यांच्या सिरिंज आधीच भरून ठेवणं महागात पडू शकतं. पण एकूण आकडा माहीत असावा, कारण तो मोठा असतो. समजा बाराव्या आठवड्यापासून चाळिसाव्यापर्यंत रोज एक आणि बाळंतपणानंतर सहा आठवडे. २८ आठवड्यांचे १९६, नंतरचे ४२, एकूण २३८ सिरिंज. पहिल्याच आठवड्यात हा आकडा घरच्यांसमोर ठेवला तर पैशांची, जनऔषधी केंद्रात चौकशीची, टोचणार कोण याची सोय शांतपणे लागते. अशा बाईच्या घरात शेवटचं इंजेक्शन किती वाजता झालं हेही लिहिलेलं हवं. कळा सुरू झाल्या आणि कमरेत सुई देऊन भूल द्यायची वेळ आली तर भूलतज्ज्ञ पहिला प्रश्न तोच विचारतो.

रविवार, मे महिना आणि स्टॉकिस्ट

आता गावाचा मुद्दा. पुण्यात रात्री अकरालाही मेडिकल उघडं सापडतं. चाळीसगावात रविवारी दुपारी ६० ची सिरिंज हवी म्हटलं की 'उद्या येईल, स्टॉकिस्टला सांगतो' हे उत्तर तयार असतं. स्टॉकिस्ट जळगावचा किंवा धुळ्याचा. मध्ये सण आला की दोन दिवस आणखी. म्हणून संपायच्या तारखेतून तीन दिवस वजा करायचे आणि त्या दिवशी मेडिकलमध्ये सांगायचं. आत्याच्या बाबतीत २१ वजा ३, म्हणजे १८ नोव्हेंबर. आतेभावाने १८ लाच सांगितलं, उरलेल्या तेरा दोन खेपांत आल्या.

मग एकदमच का आणू नये? पैसे सोडा, ऊन बघा. डबीवर लिहिलेलं असतं २५ अंशांच्या खाली ठेवा, गोठवू नका. मे महिन्यात आपल्याकडे पारा ४२-४३ ला जातो आणि पत्र्याच्या घरात दुपारी आणखी वर. फ्रिजच्या बर्फाच्या कप्प्यात ठेवणं त्याहून वाईट. घरातली सगळ्यात गार खोली, भिंतीतलं कपाट, माठाशेजारचा कोपरा, काहीही चालेल, पण दोन महिन्यांचा साठा अशा उन्हाळ्यात घरी ठेवण्यात शहाणपण नाही. दहा-पंधरा दिवसांचा आणि वर तीन दिवसांचा, हे मला पटतं.

आणि साठा कायम मिळेलच असंही नाही. २०२० च्या जूनमध्ये केंद्राच्या औषध दर प्राधिकरणाने हेपारिनची कमाल किंमत पन्नास टक्क्यांनी वाढवायला परवानगी दिली, कारण चीनकडून येणारा कच्चा माल महागला होता. २०२१ च्या दुसऱ्या लाटेत एम्स आणि आयसीएमआरच्या उपचारपत्रकात ही इंजेक्शनं होती, एनोक्झापारिन किलोला अर्धा मिलिग्रॅम, रोज. ७० किलोच्या माणसाला ३५, म्हणजे एक ४० ची सिरिंज. अशा माणसांनी वॉर्डच्या वॉर्ड भरले होते. १२ जून २०२१ ला जीएसटी परिषदेने या औषधांवरचा कर १२ वरून ५ टक्क्यांवर आणला. त्या दिवसांत ज्यांच्या घरी तीन दिवसांचा जादा साठा होता, ते निदान रात्री झोपू शकत होते.

फोनमध्ये मी आतेभावाला एकच नोट करून दिली होती. पहिली ओळ, औषधाचं नाव आणि सिरिंजचा आकार. दुसरी, रोज किती. तिसरी, शेवटच्या इंजेक्शनची तारीख, डॉक्टरांनी सांगितलेली. चौथी, घरातल्या सिरिंज कधी संपतात. पाचवी, मेडिकलमध्ये कधी सांगायचं. खाली रोजची खूण आणि वेळ. रोज रात्री डबीतल्या सिरिंज प्रत्यक्ष मोजायच्या आणि खुणांशी ताडायच्या. एक जास्त निघाली तर एखादं इंजेक्शन राहिलंय. अशा वेळी भरपाई म्हणून एकदम दोन टोचायची नाहीत, डॉक्टरांना फोन करायचा.

वापरलेल्या सिरिंजा घंटागाडीत टाकू नका, कचरा वेचणाऱ्याच्या हाताला लागतात. जाड प्लास्टिकच्या बरणीत साठवा, झाकण घट्ट लावा आणि टोचायला येणाऱ्या सिस्टरला किंवा दवाखान्याला विचारून त्यांच्या जैविक कचऱ्यात द्या. आत्याची बरणी लोणच्याची होती. तेवीस सुया मावल्या, वर जागा उरली.

चला, पुढच्या भागात भेटू.